उभे, आडवे आणि बाजूचे

आपल्या प्रत्येक कानाच्या आत, कवटीच्या हाडात कोरल्यासारख्या तीन बारीक नळ्या असतात. अर्धवर्तुळाकार नलिका म्हणतात त्यांना. त्यांत पाण्यासारखा द्रव भरलेला असतो. डोके फिरले की नळी डोक्याबरोबर फिरते, द्रव क्षणभर मागे रेंगाळतो, आणि त्या रेंगाळण्यावरून डोके कुठल्या अंगाने वळले हे मेंदूला कळते. तिघींपैकी दोन उभ्या मानल्या जातात. तिसरीला मात्र वैद्यकात दोन नावे आहेत. काही पुस्तके तिला हॉरिझाँटल म्हणजे आडवी म्हणतात, काही लॅटरल म्हणजे बाजूची. चक्कर येते म्हणून दोन वेगळ्या डॉक्टरांकडे गेलेल्या दोन रुग्णांच्या कागदांवर त्याच नळीचा तोच विकार या दोन वेगळ्या नावांनी लिहिलेला असू शकतो, आणि निदान दोघांचेही बरोबर असते.

निदान बरोबर असले तरी दोन्ही नावे सारखी खरी नाहीत. आपण ताठ बसून समोर पाहत असतो तेव्हा ही 'आडवी' नळी आडवी नसते. तिची पुढची बाजू सुमारे ३० अंशांनी वर उचललेली असते. ती खरोखर आडवी व्हायला हनुवटी तेवढी खाली न्यावी लागते. गंमत अशी, की या नळीचे काम तपासायची जी जुनी आणि आजही चालू असलेली रीत आहे, तीत रुग्णाला उताणे झोपवून डोके ३० अंश उचलून धरतात. ते एवढ्याचसाठी, की नळी नेमकी उभी व्हावी. मग कानात एकदा ३० अंश सेल्सिअसचे गार आणि एकदा ४४ अंशांचे कोमट पाणी सोडतात. द्रवाचा एक भाग तापला की तो हलका होऊन वर चढू पाहतो, प्रवाह सुरू होतो, आणि बसल्या जागी डोके फिरत असल्यासारखे डोळे हलू लागतात. व्हिएन्नाचे रॉबर्ट बारानी यांनी या तपासणीचा पाया घातला. अंतर्कर्णावरच्या या कामाला १९१४चे नोबेल पारितोषिक मिळाले. आडवी म्हणवली जाणारी नळी तपासायची तर ती उभी करावी लागते, असा हा प्रकार आहे. 'बाजूची' हे नाव मात्र यात कुठेच खोटे पडत नाही. बसा, झोपा, शीर्षासन करा. डोक्याच्या मध्यरेषेपासून बाहेरच्या अंगाला वळलेली ती नळी बाहेरच्या अंगालाच राहते.

उभे आणि आडवे पृथ्वी ठरवते, बाजू ज्याची त्याची असते, एवढेच मला सांगायचे आहे. वाक्य लहान आहे, पण ते नुसते ऐकून पुरत नाही. इमारतीच्या नकाशापासून सरकारी भरतीच्या जाहिरातीपर्यंत हे तीन शब्द आपल्याभोवती आहेत आणि त्यांतले दोन, आडवे आणि बाजूचे, बहुतेक ठिकाणी एकमेकांच्या जागी बसवले जातात. कधी त्याने काही बिघडत नाही. कधी मात्र सगळाच अर्थ निसटतो.

उभ्यापासून सुरुवात करावी, कारण बाकीचे त्याच्यानंतर येते. गवंडी ओळंबा सोडतो. एक दोरी आणि तिच्या टोकाला एक वजन. दोरी स्थिर झाली की ती जी रेषा धरते ती उभी. भिंत कोणाची, दार कुठल्या दिशेला, गवंडी कुठे तोंड करून उभा आहे, यातले काहीही ओळंब्याला विचारावे लागत नाही. एका जागी अशी रेषा एकच असते. आता त्या रेषेला काटकोनात असलेली रेषा शोधायला गेलो तर एक सापडत नाही, वाटेल तितक्या सापडतात. सगळ्या दिशांना पसरलेले एक सपाट अंगणच निघते. शांत पाण्याचा पृष्ठभाग म्हणजे हेच अंगण. गवंडी पारदर्शक नळीत पाणी भरून तिची दोन टोके खोलीच्या दोन कोपऱ्यांत धरतो आणि दोन्हीकडच्या पाण्याच्या रेघेवरून भिंतीवर खुणा करतो, तेव्हा तो हीच पातळी एका कोपऱ्यातून दुसऱ्या कोपऱ्यात नेत असतो.

इथे एक असमानता आहे आणि ती सहसा नजरेतून सुटते. कागदावर अधिकचे चिन्ह काढायची आपल्याला सवय आहे. त्यात एक उभी रेघ आणि एक आडवी, दोघी बरोबरीच्या. प्रत्यक्षात उभे म्हणजे एक रेषा आणि आडवे म्हणजे एक अख्खे प्रतल. म्हणून 'इथे उभा खांब रोव' एवढे सांगितले की सांगणे पुरे होते. 'आडवी तुळई टाक' म्हटले की सुतार विचारणारच, कुठून कुठे? आडवे म्हटल्याने दिशा पुरती ठरत नाही, फक्त वर-खाली होणे तेवढे नाकारले जाते. उरलेली निवड करायला ओळंबा काही मदत करत नाही. त्यासाठी होकायंत्र तरी लागते, नाही तर जिला पुढा-पाठ आहे, डावे-उजवे आहे अशी एखादी वस्तू लागते. रस्ता, होडी, भिंत, गाडी, माणूस. तिच्या लांबीच्या किंवा तोंडाच्या रोखाला जे छेदून जाते, ते तिच्या बाजूचे. लॅटरल हा शब्द नेमका या उरलेल्या प्रश्नाचे उत्तर आहे, आणि म्हणूनच तो ऐकला की लगेच विचारावे लागते, कोणाच्या बाजूचे?

मराठीत आपण दोन्ही कामे 'आडवा' या एकाच शब्दावर सोपवतो. माणूस थकून आडवा होतो तेव्हा तो पृथ्वीच्या हिशेबाने आडवा असतो. मांजर आडवे जाते तेव्हा ते माझ्या वाटेच्या हिशेबाने आडवे असते. मी त्या वाटेवर नसतो तर ते नुसते चालत गेले असते. बोलण्यात हा दुहेरी वापर कधी अडत नाही, कारण प्रसंग समोर असतो. प्रसंग समोर नसला, कागद तेवढा असला, की अडतो.

उभी रेषा पृथ्वी ठरवते म्हणजे काय, हे जरा थांबून पाहण्यासारखे आहे. दोन ओळंबे शेजारी सोडले की ते समांतर दिसतात, पण ते पुरते समांतर कधीच नसतात. दोघांचाही रोख पृथ्वीच्या मध्याकडे. इंग्लंडमधल्या हंबर पुलाचे दोन मनोरे १,४१० मीटर अंतरावर आहेत, १५५ मीटरांहून उंच आहेत, आणि दोन्ही आपापल्या जागी अगदी उभे आहेत. म्हणूनच त्यांची माथ्यांमधली दूरी पायथ्यांमधल्या दूरीपेक्षा ३६ मिलिमीटर जास्त आहे. पुण्यातला खांब आणि दिल्लीतला खांब यांच्यात तर सुमारे साडेदहा अंशांचा कोन पडतो. उभे हे सगळीकडे उभेच, तरी प्रत्येक गावचे वेगळे.

यापुढची गोष्ट आपल्या देशातली आहे आणि माझ्या मते भूगोलाच्या इतिहासातल्या फार सुंदर गोष्टींपैकी एक. १८०२मध्ये विल्यम लॅम्बटन यांनी मद्रासजवळ एक पायारेषा मोजून हिंदुस्थानची त्रिकोणमितीय पाहणी सुरू केली. त्रिकोणांमागून त्रिकोण रचत ते उत्तरेकडे सरकत राहिले, आणि १८२३च्या जानेवारीत वर्धा जिल्ह्यातल्या हिंगणघाटला, कामावर असतानाच, वारले. त्यांची कबर तिथेच आहे. काम जॉर्ज एव्हरेस्ट यांनी पुढे नेले. मध्य हिंदुस्थानातले कल्याणपूर आणि हिमालयाच्या अलीकडच्या मैदानातले कलियाना या दोन ठाण्यांमधले अंतर सुमारे ६०० किलोमीटर. त्यांच्या अक्षांशांतला फरक दोन रीतींनी काढला गेला. एकदा जमिनीवरच्या त्रिकोणांवरून, एकदा ताऱ्यांवरून. दोन उत्तरांत ५.२४ विकलांचा फरक आला. जमिनीवर मांडला तर सुमारे १६० मीटर. इतक्या काटेकोर मोजणीत एवढी चूक बसत नव्हती.

ताऱ्यांची उंची मोजताना दुर्बिणीची उभी रेषा ठरवायची ती ओळंब्यावरून किंवा पाण्याच्या पातळीवरून. त्या रेषेवरच संशय गेला. कलकत्त्याचे आर्चडीकन आणि गणिती जॉन प्रॅट यांनी हिशेब मांडला, की हिमालयासारखा प्रचंड डोंगर ओळंब्याला आपल्याकडे थोडा ओढणारच. कलियानाचा ओळंबा जास्त ओढला जाईल, दूरच्या कल्याणपूरचा कमी. पण हिशेबाने फरक यायला हवा होता जवळजवळ १६ विकलांचा, आणि प्रत्यक्षात होता त्याच्या एक-तृतीयांश. हिमालय दिसतो तेवढे ओढत नव्हता. १८५५मध्ये जॉर्ज एअरी यांनी याचे उत्तर सुचवले. डोंगराखाली हलक्या खडकाचे खोल मूळ असते, ते आजूबाजूच्या जड खडकाची जागा घेते, त्यामुळे वरच्या वस्तुमानाची ओढ बरीचशी भरून निघते. पर्वत खालच्या जड खडकावर तरंगल्यासारखे तोलले गेले आहेत ही आजची समजूत तिथून वाढली. ओळंब्याची दोरी उभ्यापासून केसभर ढळली होती. खरे तर ती ढळलीच नव्हती. त्या ठिकाणी उभे म्हणजे तेच होते.

पृथ्वी ठरवते ते इतक्या बारकाईने ठरवते. तिला आपल्या भिंतीशी, शरीराशी, कागदाशी देणेघेणे नसते.

भिंतीकडे येऊ. बांधकामाच्या अभियंत्यांच्या भाषेत इमारतीवर दोन जातींचे भार येतात. एक वजनाचा, सरळ खाली जाणारा. दुसरा वाऱ्याचा, भूकंपाचा, मागे साठलेल्या मातीचा. या दुसऱ्याला ते लॅटरल लोड म्हणतात. हा भार बहुतेक आडवाच असतो, मग त्याला आडवा का म्हणत नाहीत? इमारत उभी आहे तोवर तिच्या बाजूने येणारे सगळे आडवेच असते, दोन्ही शब्द एकाच जागी येऊन थांबतात. पण लॅटरल म्हणताना बोलणाऱ्याच्या मनात जमीन नसते, इमारत असते. तोलून धरायच्या कामासाठी बांधलेल्या गोष्टीला कोणी कुशीत ढकलले, हे त्या शब्दात येते.

३० सप्टेंबर १९९३च्या पहाटे, अनंत चतुर्दशीचे विसर्जन आटोपून गावे झोपलेली असताना, किल्लारीच्या परिसरात भूकंप झाला. लातूर आणि त्या वेळचा उस्मानाबाद जिल्हा मिळून सुमारे दहा हजार माणसे गेली. भूकंप ६.२ तीव्रतेचा होता. एवढ्या भूकंपात इतकी माणसे जाण्याचे कारण घरांमध्ये होते. मातीत बसवलेल्या दगडांच्या दोन-अडीच फूट, कुठे त्याहून जाड भिंती, वर लाकडी तुळया-फळ्या आणि त्यांवर मातीचा जाड थर, असे ते माळवद. उन्हाळ्यात गार, थंडीत उबदार. वजन पेलण्यात या भिंतींना तोड नव्हती. पिढ्यानपिढ्या त्यांनी ते पेलले. पण ती जाडी एकसंध नव्हती. आतला एक थर, बाहेरचा एक थर आणि मध्ये भरलेली दगडमाती, दोन्ही थरांना आरपार बांधणारा दगड फारसा कुठे नाही. वजन सरळ खाली उतरते तोवर हे थर एकमेकांना चिकटून राहतात. बाजूचा हिसका बसला की एकमेकांपासून सुटतात, बाहेरचा बाहेर पडतो, आतला आत, आणि मग वरच्या मातीला आधार उरत नाही.

त्या हिसक्याकडे आणखी जवळून पाहावे लागते, कारण आडवे आणि बाजूचे यांच्यातला फरक तिथे अगदी उघडा पडतो. चौकोनी खोली आहे असे धरू आणि जमीन पूर्व-पश्चिम हलते आहे. हा धक्का खोलीच्या चारही भिंतींना आडवाच आहे, पृथ्वीच्या हिशेबाने त्यात काही फरक नाही. पण पूर्व-पश्चिम धावणाऱ्या दोन भिंतींना तो त्यांच्या लांबीच्या दिशेने बसतो, आणि लांबीच्या दिशेने भिंत मजबूत असते. उत्तर-दक्षिण धावणाऱ्या दोघींना तोच धक्का तोंडावर, म्हणजे त्यांच्या बाजूने बसतो, आणि तिकडून भिंत दुबळी असते. त्या आधी कलंडतात. चार भिंती कोपऱ्यांत नीट जखडलेल्या असतील तर मजबूत भिंती दुबळ्यांना धरून ठेवतात. म्हणून भूकंपाच्या पट्ट्यात घर बांधताना दारा-खिडक्यांच्या माथ्याशी चारही भिंतींना वेढणारा काँक्रीटचा सलग पट्टा घालायला सांगतात. तो पट्टा वजनासाठी नसतो. एका भिंतीच्या बाजूचे जे आहे ते शेजारणीच्या लांबीचे होते, या एका गोष्टीचा तो फायदा घेतो. धक्का आडवा होता एवढेच सांगून थांबणाऱ्याला हा पट्टा का घालायचा हे समजावता येणार नाही.

भिंत निदान हलत नाही. शरीर हलते, आणि तिथे हे तीन शब्द एकमेकांपासून पुरते सुटे होतात. शरीरशास्त्रात लॅटरल म्हणजे शरीराच्या मध्यरेषेपासून लांबचे. गुडघ्याची बाहेरची बाजू लॅटरल, आतली मीडियल. माणूस उभा असो की पालथा, यात बदल होत नाही. शरीरशास्त्राने फार पूर्वी हे ठरवून टाकले की शरीराच्या दिशा शरीराच्याच हिशेबाने सांगायच्या, खाटेच्या किंवा जमिनीच्या नाही. शस्त्रक्रियेच्या टेबलावरच्या रुग्णाला कुठल्याही अंगावर वळवावे लागते, तिथे दुसरा कुठला हिशेब चालणारही नाही.

पण रोगाला कधीकधी पृथ्वी कळते. छातीच्या पडद्यात, फुप्फुसाभोवती, पाणी झाले आहे असा संशय आहे. रुग्ण उभा राहून एक्स-रे काढला तर पाणी तळाशी साठते आणि बरगड्यांच्या खालच्या कोपऱ्यात दिसते, पण त्यासाठी ते बऱ्यापैकी साठलेले लागते, साधारण २०० मिलिलिटर. बाजूने काढलेल्या, म्हणजे लॅटरल चित्रात त्याहून कमी पाणीही दिसते, कारण पाठीमागचा खोल कोपरा तिथे उघडा पडतो. उताणे झोपवून वरून किरण टाकले तर पाणी पाठीमागे पसरते आणि चित्रात नुसता धुरकटपणा येतो, पातळी दिसतच नाही. अशा वेळी डॉक्टर चिठ्ठीवर लिहितात लॅटरल डेक्युबिटस. रुग्णाला संशय असलेल्या कुशीवर झोपवायचे आणि किरण आडवे सोडायचे. पाणी त्या कुशीच्या बरगड्यांलगत उतरते आणि त्याची कड सरळ रेघेसारखी दिसते. अगदी थोडे पाणीही यात सापडू शकते.

ही चिठ्ठी मला फार शिकवणारी वाटते. कूस रुग्णाची आहे, ती त्याच्याबरोबर खाटेवर वळली. पाण्याची पातळी पृथ्वीची आहे, ती कोणासाठी वळत नाही. किरण पातळीला समांतर, म्हणजे आडवाच हवा, नाही तर पातळी दिसणार नाही. एक्स-रे काढणाऱ्याने इथे 'आडवे' आणि 'बाजूचे' एकच समजले आणि रुग्णाला कुशीवर घेऊनही किरण वरून टाकले, तर चित्र निघेल, पण ज्याच्यासाठी काढले ते त्यात नसेल.

पृथ्वीची ओढ जाणवेनाशी झाली तर यातले काय उरेल? असे ठिकाण प्रत्यक्षात आहे. आंतरराष्ट्रीय अंतराळ स्थानकात नोव्हेंबर २०००पासून माणसे सतत राहत आली आहेत. स्थानक पृथ्वीभोवती सतत पडत असते, त्यामुळे आत ओळंबा सोडला तर तो कुठल्याच दिशेला ताणला जात नाही. पाण्याला पातळी नाही, त्याचा गोळा होतो. उभे आणि आडवे हे दोन्ही शब्द तिथे बिनकामाचे होतात. अंतराळवीर झोपायची पिशवी भिंतीला बांधून घेतात, आणि ती भिंत आहे की जमीन हा प्रश्न उरत नाही. तरी प्रत्येकाला डावे-उजवे आहे, आणि स्थानकाच्या खोल्यांनाही जहाजासारखी डावी-उजवी बाजू ठरवून दिलेली आहे, कारण त्याशिवाय एकमेकांना काही सांगताच येणार नाही. पृथ्वीने ठरवलेले दोन शब्द पृथ्वीबरोबर गेले. ज्याचा त्याचा असलेला तिसरा टिकला.

आता कागद. वर्तमानपत्रातल्या शब्दकोड्याखाली आडवे शब्द आणि उभे शब्द अशा दोन याद्या असतात. वर्तमानपत्र मांडीवर किंवा टेबलावर पसरलेले असते, म्हणजे पृथ्वीच्या हिशेबाने कोड्यातले सगळेच शब्द आडवे. आपण उभे म्हणतो ते वाचणाऱ्यापासून दूर जाणाऱ्या रेघेला, आणि आडवे म्हणतो ते त्याच्या डावीकडून उजवीकडे जाणाऱ्या रेघेला. कागदावरचे आडवे हे खरे म्हणजे वाचकाच्या बाजूचे असते. पृथ्वीचे शब्द आपण कागदाला उसने देतो, आणि तो कागद भिंतीवर टांगला की ते क्षणभर पुन्हा खरे होतात. मोबाइलचा पडदा हेच करतो. हातात धरलेला मोबाइल आडवा केला की चित्र आडवे होते, कारण आतल्या संवेदकाला पृथ्वीची ओढ कळते. तोच मोबाइल टेबलावर सपाट ठेवून कितीही फिरवला तरी चित्र जागचे हलत नाही. ओढ पडद्यातून आरपार खाली जाते आहे, पडद्याच्या कुठल्याच कडेकडे नाही.

उसनवारीची ही सवय पुढे लांब जाते. जीवशास्त्रात आईबापांकडून मुलांकडे जाणाऱ्या जनुकांचा प्रवास उभा मानतात, कारण वंशावळ कागदावर वरून खाली काढली जाते. जिवाणू आपली जनुके शेजारच्या, कधी परक्या जातीच्या जिवाणूलाही देतात, आणि प्रतिजैविकांना दाद न देण्याचे गुण याच वाटेने झपाट्याने पसरतात. त्या प्रवासाला काही शास्त्रज्ञ हॉरिझाँटल म्हणतात, काही लॅटरल. इथे दोन्ही शब्द अदलाबदलीने चालतात आणि काही बिघडत नाही, कारण त्यांच्यामागे पृथ्वीही नाही आणि शरीरही नाही, फक्त झाडासारखी काढलेली एक आकृती आहे. मराठी घरांत मात्र उसनवारीचा जो नमुना सगळ्यांत जास्त बोलला जातो तो स्पर्धा परीक्षेच्या जाहिरातीतला. त्यात चूक झाली तर कोणाची तरी नोकरी जाते, म्हणून त्याच्याकडे नीट पाहिले पाहिजे.

इंद्रा साहनी खटल्यात १६ नोव्हेंबर १९९२ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींच्या पीठाने सांगितले, की आरक्षणे दोन जातींची आहेत. अनुसूचित जाती, अनुसूचित जमाती आणि इतर मागास वर्गांचे आरक्षण व्हर्टिकल, आणि दिव्यांगांसारख्या गटांचे हॉरिझाँटल. दुसरे पहिल्याला छेदून जाते. महाराष्ट्रात या दुसऱ्याला समांतर आरक्षण म्हणतात. महिलांचे ३० टक्के, माजी सैनिकांचे, खेळाडूंचे, प्रकल्पग्रस्तांचे, आणि भूकंपग्रस्तांचेही. न्यायालयाच्या डोळ्यांपुढे तक्ता होता हे उघड आहे. सामाजिक प्रवर्ग म्हणजे तक्त्यातले उभे रकाने. महिला किंवा दिव्यांग ही ओळ त्या सगळ्या रकान्यांतून जाते, प्रत्येकात आपला वाटा घेत.

चित्र साधे आहे, पण हिशेब दोन्हींचा वेगळा आहे, आणि तो २००७च्या राजेश कुमार दारिया खटल्यात न्यायालयाने उलगडून सांगितला. अनुसूचित जातीचा उमेदवार स्वतःच्या गुणांवर खुल्या जागेत निवडला गेला तर त्याची जागा अनुसूचित जातीच्या कोट्यातून वजा होत नाही. रकाना आपला भरायचा शिल्लकच राहतो. समांतर आरक्षणाचे तसे नाही. एका रकान्यात २० जागा आहेत आणि त्यांत महिलांसाठी ६, असे धरू. आधी गुणानुक्रमे वरचे वीस जण घ्यायचे. त्यांत सहा किंवा जास्त महिला असतील तर आरक्षण पुरे झाले, आणखी काही करायचे नाही. चारच असतील तर यादीतल्या शेवटच्या दोन पुरुषांच्या जागी त्याच प्रवर्गातल्या पुढच्या दोन महिला येतात. रकाना वेगळा डबा असतो. ओळ म्हणजे प्रत्येक डब्यात किमान किती असावे याची अट. उभे आणि समांतर हे शब्द इथे नुसती सजावट नाहीत, मोजण्याची रीत त्यांच्यातून निघते. ज्यांनी दोन्ही आरक्षणे सारख्याच रीतीने मोजली त्यांच्या निवड याद्या न्यायालयात टिकल्या नाहीत. डिसेंबर २०२०मध्ये सौरव यादव खटल्यात न्यायालयाने हेही स्पष्ट केले, की खुला प्रवर्ग हा कोणाचा राखीव रकाना नाही. तिथल्या महिलांच्या जागांसाठी कुठल्याही सामाजिक प्रवर्गातली महिला गुणांवर पात्र ठरते.

या तक्त्यात बाजूचे कुठे बसते? तक्त्याला बाजू लागत नाही, वाटेला लागते. एडवर्ड डी बोनो यांनी १९६७मध्ये लॅटरल थिंकिंग ही कल्पना मांडली तेव्हा तिच्यासमोर व्हर्टिकल थिंकिंग ठेवले. उभ्याच्या समोर आडवे यायला हवे होते, त्यांनी बाजूचे घेतले, आणि ते योग्यच होते. पायरीवर पायरी रचत जाणारा एक ठरलेला विचार आहे आणि त्याच्या वाटेवरून कडेला पाऊल टाकायचे आहे. त्यासाठी आधी ती वाट असावी लागते. डिप्लोमा करून थेट इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला प्रवेश घेणाऱ्या मुलांना लॅटरल एंट्रीवाले म्हणतात तेही याच अर्थाने. पहिल्या वर्षाच्या दारातून न येता ती चालू वाटेत बाजूने आली.

२०१८मध्ये केंद्र सरकारने सहसचिवांच्या १० जागा सरकारी सेवेबाहेरच्या लोकांसाठी खुल्या केल्या, त्यालाही हेच नाव मिळाले. सेवेची वाट खालून वर जाते, परीक्षा, मग प्रशिक्षण, मग जिल्हा, मग मंत्रालय. हे अधिकारी मधल्या उंचीवर बाजूने आत आले. १७ ऑगस्ट २०२४ रोजी केंद्रीय लोकसेवा आयोगाने अशा आणखी ४५ जागांची जाहिरात काढली आणि मोठा वाद झाला. आक्षेप आरक्षणाचा होता. प्रत्येक जागा स्वतंत्र, एकटी धरली होती, आणि ज्या संवर्गात एकच पद आहे तिथे आरक्षण लागू करता येत नाही हे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने १९९८मध्येच सांगितले होते. एका घराच्या तक्त्याला रकाने पाडता येत नाहीत आणि त्यातून ओळही नेता येत नाही. पण त्या जाहिरातीतल्या ४५ जागा एकत्र मांडल्या असत्या तर तक्ता झाला असता, आणि तो तसा मांडायचा की नाही हा निर्णय माणसांचा होता, गणिताचा नव्हता. सेवेच्या वाटेवर बाजूने दार उघडायला माझी हरकत नाही. बाहेरच्या तज्ज्ञांची राज्यकारभाराला गरज असते. पण ते दार उघडताना उभे आणि समांतर दोन्ही वाटे एकदम गळून पडत असतील तर ते आधी सांगितले गेले पाहिजे. तीन दिवसांनी, २० ऑगस्टला, सरकारने आयोगाला जाहिरात मागे घ्यायला सांगितले, आणि त्या पत्रात कारण दिले होते सामाजिक न्यायाचे.